आठ तासांचा दिवस आणि शिकागोचा खटला

एक मे हा आपल्याकडे दुहेरी मानाचा दिवस. १९६० साली याच दिवशी महाराष्ट्र राज्य स्थापन झाले. आणि त्याच्या कितीतरी आधीपासून मुंबईच्या गिरणगावात हा दिवस कामगारांचा म्हणून पाळला जात होता. जगातल्या अनेक देशांत त्या दिवशी कामगार सुटी घेतात. पण मौज अशी, की ज्या देशात या तारखेचा जन्म झाला त्या अमेरिकेत त्या दिवशी कारखाने, कचेऱ्या, दुकाने सगळे नेहमीप्रमाणे चालू असते. तिथला कामगार दिन येतो सप्टेंबरच्या पहिल्या सोमवारी. मूल ज्या घरात जन्मले त्या घराने ओळखसुद्धा दाखवू नये आणि शेजाऱ्यापाजाऱ्यांनी ते वाढवावे, असे का झाले? याचे उत्तर शोधायला १८८६ सालच्या शिकागो शहरात जावे लागते, आणि तिथून एका खटल्यात शिरावे लागते. त्या खटल्याचीच हकीकत मला आज सांगायची आहे.

शिकागो हे त्या काळी अमेरिकेतले सर्वांत झपाट्याने वाढणारे शहर. १८७१ च्या आगीत ते सुमारे एक तृतीयांश जळाले आणि पाहता पाहता पुन्हा उभे राहिले. रेल्वे, लाकडाच्या वखारी, कत्तलखाने, शेतीच्या यंत्रांचे कारखाने. कामाला माणसे आली ती जर्मनीतून, आयर्लंडमधून, बोहेमियातून. दहा तासांचा दिवस, सहा दिवसांचा आठवडा हा सर्वसाधारण रिवाज; बेकरीवाल्यांसारख्यांचे तर तासच मोजायचे नाहीत. आणि गंमत बघा, ज्या इलिनॉय राज्यात हे शहर आहे त्या राज्याने आठ तासांचा कायदा १८६७ सालीच केला होता! तो अमलात यायचा दिवसही एक मेच होता. पण कायद्यात एक लहानशी फट ठेवलेली होती : मालक आणि मजूर यांच्यात वेगळा करार झालेला नसेल तरच आठ तास. मालकांनी दुसऱ्याच दिवशी वेगळा करार पुढे केला. सही कर, नाहीतर घरी जा. कायदा पुस्तकात राहिला.

पुढे १८७३ साली मोठी मंदी आली. १८७७ च्या जुलैत रेल्वे कंपन्यांनी पुन्हा एकदा पगार कापले तेव्हा गावोगाव संप पेटला, आणि शिकागोत पोलिस व लष्कराच्या गोळीबारात सुमारे तीस माणसे मेली. त्या दिवसांत एका तरुण माणसाने हजारो संपकऱ्यांपुढे भाषण केले. त्याचे नाव आल्बर्ट पार्सन्स. हा छापखान्यात खिळे जुळवणारा. दुसऱ्या दिवशी तो कामावर गेला तो त्याचे नाव पटावरून काढलेले. शहरात कुठल्याही छापखान्यात त्याला काम मिळेना. हा पार्सन्स लक्षात ठेवा. अलाबामात जन्मलेला, यादवी युद्धात पोरवयातच गुलामगिरीवाल्या दक्षिणेच्या बाजूने लढलेला. पण युद्धानंतर त्याचे मन पालटले आणि टेक्सासमध्ये मुक्त झालेल्या गुलामांच्या हक्कांसाठी त्याने वर्तमानपत्र काढले. ल्युसी नावाच्या मिश्र वंशाच्या स्त्रीशी त्याने संसार मांडला. टेक्सासमध्ये असे जोडपे सुखाने राहणे शक्य नव्हते, म्हणून दोघे शिकागोला आली.

पार्सन्स आणि त्याचे सोबती काही प्रथमपासून बाँबची भाषा बोलत नव्हते, हे सांगायला हवे. त्यांनी आधी मतपेटीवर विश्वास टाकला. निवडणुका लढवल्या, नगरसभेत दोनचार माणसे निवडूनही आणली. १८८० साली त्यांच्या एका उमेदवाराचे मत मोजणाऱ्यांनीच आकड्यांत फेरफार करून त्याला पाडले. कोर्टकचेऱ्या होऊन त्याची जागा त्याला परत मिळाली, परंतु लबाडी करणारे सुटले. तेव्हापासून पुष्कळांचे मन उडाले. त्यातूनच हे लोक अनार्किझमकडे वळले.

या शब्दाचा आपल्याकडे फार घोटाळा होतो. मराठीत ‘अराजक’ म्हटले की डोळ्यांपुढे येते ती लुटालूट, जाळपोळ, बेबंदशाही. या मंडळींना अभिप्रेत होते ते राज्यसंस्थेवाचून चालणारे समाजजीवन. तेव्हा अराज्यवाद म्हणणे अधिक बरे. त्यांची कल्पना अशी, की कामगारांचे संघ हेच उद्याच्या समाजाचे बीज. प्रत्येक धंद्यातले लोक आपला कारभार आपण पाहतील, एकमेकांशी करार करतील, आणि वर दंडुका घेऊन बसणारे सरकार हळूहळू अनावश्यक होईल. १८८३ साली पिट्सबर्ग येथे त्यांची परिषद भरली, तीत हे विचार मांडले गेले. शिकागोत त्यांची अनेक वर्तमानपत्रे निघत. पार्सन्सचे इंग्रजी ‘अलार्म’, आणि ऑगस्ट स्पीस याच्या संपादकत्वाखाली जर्मन भाषेतले ‘आर्बायटर-त्साइटुंग’. स्पीस हा जर्मनीहून आलेला, खुर्च्या-कोच मढवण्याचा धंदा करणारा, देखणा, फर्डा वक्ता.

पण दुसरी बाजू झाकून ठेवणे बरोबर नाही. याच वर्तमानपत्रांतून डायनामाइटची स्तुती छापून येत होती. गरिबाला श्रीमंताच्या बरोबरीचे करणारे हत्यार विज्ञानाने दिले आहे, अशा धाटणीचे ते लिखाण. पोलिसांच्या लाठ्या आणि कारखानदारांनी भाड्याने आणलेल्या पिंकर्टन कंपनीच्या बंदुका रोज अनुभवणाऱ्यांचे ते लिखाण होते, हे खरे. त्यात पोकळ गर्जना किती आणि निश्चय किती हे सांगणे कठीण, हेही खरे. पण लिहिले होते, छापले होते. पुढे कोर्टात तेच पान पान उघडून वाचण्यात आले.

आता आठ तासांच्या चळवळीकडे वळू. १८८४ च्या ऑक्टोबरात शिकागो येथेच कामगार संघांच्या महासंघाची परिषद भरली आणि तिने ठराव केला की १ मे १८८६ पासून आठ तासांचा दिवस हाच कायदेशीर दिवस समजला जाईल. (त्याच साली, अवघा पंधरवडा आधी, मुंबईत परळला नारायण मेघाजी लोखंडे यांनी गिरणी कामगारांच्या सभा घेऊन साडेपाच हजार सह्यांचा अर्ज तयार केला होता. मागणी काय? आठवड्यातून एक रविवार सुटी, दुपारी अर्धा तास विसावा, आणि काम सकाळी साडेसहा ते सूर्यास्त. एकाला दुसऱ्याची वार्ता असण्याचे कारण नव्हते. पण तासांचा प्रश्न दोन्हीकडे एकाच पावसाळ्याच्या अखेरीस उभा राहिला.)

शिकागोच्या अराज्यवाद्यांना ही मागणी आरंभी मुळीच पसंत नव्हती! मजुरीची गुलामगिरीच मोडायची असताना ती दहाऐवजी आठ तास करून काय साधणार, असा त्यांचा सवाल होता. पण कामगारांमध्ये ती मागणी अशी काही पेटली की पुढाऱ्यांना अनुयायांच्या मागून धावावे लागले. १८८६ च्या वसंतात तेच तिचे सर्वांत आवेशी प्रचारक झाले. उलट ‘नाइट्स ऑफ लेबर’ या त्या वेळच्या सर्वांत मोठ्या संघटनेचे प्रमुख टेरेन्स पावडर्ली यांनी आपल्या शाखांना गुप्त पत्रक पाठवून संपापासून दूर राहायला सांगितले. तरी तिचे हजारो सभासद संपात उतरलेच.

एक मे हा शनिवार होता. देशभर तीन लाखांवर कामगार बाहेर पडले, एकट्या शिकागोत चाळीस हजार. गोळी नाही, दगड नाही. सारा दिवस शांततेत गेला.

मग सोमवार उजाडला. मॅकॉर्मिक यांच्या कापणी-यंत्रांच्या कारखान्यात फेब्रुवारीपासून टाळेबंदी होती आणि पोलिसांच्या पहाऱ्यात संपफोडे आत कामाला जात. कारखान्याजवळच्या मोकळ्या जागेत लाकूड-वखारीच्या कामगारांची सभा चालू होती, स्पीस बोलत होता. तेवढ्यात कारखान्याचा भोंगा झाला, संपफोडे बाहेर पडले, आणि सभेतले काही लोक त्यांच्यावर धावून गेले. पोलिसांनी गोळ्या झाडल्या. दोघे मेले. स्पीसच्या कानावर आले की सहा मेले. तो तडक छापखान्यात गेला आणि संतापाच्या भरात एक पत्रक लिहिले. त्यावर मोठ्या अक्षरांत ‘सूड’ हा शब्द छापला गेला. तो मी लिहिला नव्हता, खिळे जुळवणाऱ्याने घातला, असे स्पीसने पुढे सांगितले.

दुसऱ्या दिवशी, ४ मे रोजी, संध्याकाळी हेमार्केट चौकात निषेधाची सभा ठरली. तिच्या पत्रकाच्या पहिल्या मसुद्यात कामगारांनी शस्त्रे घेऊन यावे अशी ओळ होती. स्पीसने ती पाहिली आणि बजावले की ही ओळ काढल्याशिवाय मी बोलायला येणार नाही. ओळ काढली गेली. पण काहीशे प्रती तोवर छापून झाल्या होत्या. त्यातलीही एक कोर्टात आली.

सभा अपेक्षेपेक्षा लहान झाली. चौक रिकामा रिकामा वाटू लागला म्हणून ती शेजारच्या गल्लीत हलवली, आणि तिथे उभ्या असलेल्या एका मालगाडीवर, म्हणजे घोड्याच्या सामानवाहू गाड्यावर, वक्ते उभे राहिले. आधी स्पीस, मग पार्सन्स, शेवटी सॅम्युअल फील्डन. हा फील्डन इंग्लंडातल्या लँकेशायरचा, आठव्या वर्षी सूतगिरणीत कामाला लागलेला, शिकागोत दगडांची गाडी हाकणारा. शहराचे मेयर कार्टर हॅरिसन स्वतः सभेला आले होते. आपण इथे आहोत हे लोकांना दिसावे म्हणून ते पुन्हा पुन्हा काडी ओढून चिरूट पेटवीत होते, असे त्यांनीच नंतर साक्षीत सांगितले. थोडा वेळ ऐकून ते जवळच्या पोलिस ठाण्यात गेले, तिथल्या बॉनफील्ड या अधिकाऱ्याला म्हणाले की काही गडबड नाही, राखीव शिपायांना घरी पाठवा. आणि स्वतः घरी जाऊन झोपायच्या तयारीला लागले.

रात्रीचे दहा वाजून गेले होते. आभाळ भरून आले, गार वारा सुटला. लोक पांगले. पार्सन्स बायकामुलांना घेऊन कोपऱ्यावरच्या दारूच्या गुत्त्यात आसऱ्याला गेला. गाड्यापाशी काहीशे माणसे उरली होती. फील्डन दोनचार मिनिटांत संपवणारच होता. तेवढ्यात बॉनफील्डचे १७६ पोलिस रांगा करून आले. सभा बंद करा, असा हुकूम झाला. आम्ही शांत आहोत, असे म्हणून फील्डन गाड्यावरून उतरू लागला. त्याच क्षणी अंधारातून काहीतरी पेटते येऊन पोलिसांच्या रांगांत पडले.

तो बाँब होता. मथायस डेगन हा शिपाई तिथेच ठार झाला. पोलिसांनी पिस्तुले काढून चहूकडे गोळीबार सुरू केला. अंधारात, धुरात, कोण कुणावर झाडतो आहे हे कळेना. एकूण सात पोलिस दगावले, साठेक जखमी झाले, आणि त्यांतल्या बऱ्याच जणांना लागलेल्या गोळ्या त्यांच्याच सोबत्यांच्या होत्या. सामान्य लोकांपैकी निदान चार मेले. जखमी किती झाले याचा हिशेब लागला नाही, कारण इस्पितळात जाणे म्हणजे अटक ओढवून घेणे होते.

बाँब कोणी टाकला? ते आजवर सिद्ध झालेले नाही.

पण शहराला माणूस हवा होता. शेकड्यांनी लोक धरले, छापखाने, सभागृहे, घरे वॉरंटाशिवाय झडतीला उघडली. अखेर आठ जणांवर खटला उभा राहिला. स्पीस, फील्डन, पार्सन्स. पुस्तके बांधण्याचा धंदा केलेला आणि आता स्पीसच्या हाताखाली लिहिणारा मिखाएल श्वाब. खिळे जुळवणारा आडोल्फ फिशर. खेळण्यांचे दुकान चालवणारा गेओर्ग एंगेल. लुई लिंग हा विशीतला सुतार. आणि ऑस्कर नीबे. बाँब फुटला तेव्हा हे कुठे होते, हे ध्यानात घ्या. गाड्याजवळ होते फक्त दोघे, स्पीस आणि फील्डन. पार्सन्स व फिशर गुत्त्यात. श्वाब दुसऱ्याच भागात भाषण करीत होता. एंगेल घरी पत्ते खेळत होता. नीबे घरी. लिंगने बाँब बनवले होते हे पुराव्यात आले, पण तोही त्या रात्री तिथे नव्हता.

पार्सन्स तर पोलिसांच्या हाती लागलाच नव्हता. तो विस्कॉन्सिनमध्ये एका मित्राकडे लपून होता. २१ जूनला खटला सुरू झाला आणि त्याच दिवशी दुपारी हा माणूस आपल्या पायांनी कोर्टात चालत आला आणि सोबत्यांशेजारी जाऊन बसला. निर्दोष माणसाने पळून का जावे, आपला निवाडा निर्दोष म्हणूनच होईल, असा त्याचा भरवसा होता.

त्या भरवशाचे काय झाले ते ज्यूरी निवडताना कळून आले. चिठ्ठ्या टाकून नावे काढण्याऐवजी एक खास बेलिफ नेमला आणि त्याने आपल्या मनाने माणसे बोलावली. ९८१ जणांना विचारपूस झाली. पुष्कळांनी सरळ सांगितले की आमचे मत आधीच बनले आहे. न्यायाधीश जोसेफ गॅरी त्यांना फिरवून फिरवून विचारीत, की पुरावा ऐकून तरी निःपक्षपाती निकाल द्याल ना? ‘प्रयत्न करीन’ म्हटले की झाले. मेलेल्या पोलिसांपैकी एकाच्या नातेवाइकालासुद्धा त्यांनी अपात्र ठरवले नाही. त्याला वगळायला बचावपक्षाला आपला मोजका हक्क खर्चावा लागला.

सरकारी वकील ग्रिनेल यांची भूमिका अशी : यांनी बाँब टाकला असे आम्ही म्हणत नाही. टाकणारा कोण हे सांगता आले नाही तरी चालेल. यांनी वर्षानुवर्षे जे लिहिले, जे बोलले, त्यातून तो बाँब निघाला. न्यायाधीशांनीही ज्यूरीला कायदा समजावून सांगताना हीच वाट मोकळी करून दिली. इथे विचार करण्याजोगी गोष्ट आहे. चिथावणी हा गुन्हा नाही असे मी म्हणणार नाही. विशिष्ट माणसाला विशिष्ट कृत्य करायला लावणारा त्या कृत्याला जबाबदार असतोच. परंतु कृत्य करणारा माणूसच ठाऊक नसेल, तर त्याने यांचे लेख वाचले होते की नाही, यांची भाषणे ऐकली होती की नाही, हे ठरवायचे कशावरून? कदाचित तो आदल्या दिवशीच्या गोळीबारात भाऊ गमावलेला कुणी असेल, कदाचित पोलिसांचा लाठीमार खाल्लेला असेल. दोर सुरू होतो तो दिसतो, जिथे बांधायचा ते टोकच हाती नाही. आणि त्या दोराने सात जणांना फाशी सांगितली. नीबेला पंधरा वर्षे.

अलीकडे, २०११-१२ च्या सुमारास, मेसर-क्रूस नावाच्या अमेरिकी इतिहासकाराने खटल्याची मूळ कागदपत्रे पुन्हा तपासून असे मांडले की त्या काळच्या रीतीने पाहता खटला इतका वाईट नव्हता, आणि आरोपींपैकी काहींचा कट खरोखर होता. त्यावर बरीच खडाजंगी झाली. कटाचा पुरावा त्याला वाटतो तितका भक्कम आहे असे इतर अभ्यासकांना वाटत नाही. मला स्वतःला वाटते, लिंग, एंगेल, फिशर यांच्याविषयी शंका घ्यायला जागा आहे. पण मग पार्सन्स, स्पीस, श्वाब, फील्डन, नीबे यांचे काय? नीबेविरुद्ध तर जवळजवळ काहीच नव्हते. खुद्द सरकारी वकिलाला त्याच्यावरील खटला सोडून द्यावा असे मध्येच वाटून गेले होते.

राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा कायम केल्या, केंद्राच्या न्यायालयाने हात घातला नाही. मग दयेचे अर्ज सुरू झाले. विल्यम डीन हॉवेल्स या नामांकित कादंबरीकाराने जाहीर पत्र लिहून फाशी थांबवण्याची मागणी केली. प्रतिष्ठित लेखकांपैकी तो जवळजवळ एकटाच. गव्हर्नरने सुचवले की कैद्यांनी स्वतः अर्ज करावा. फील्डन आणि श्वाब यांनी तो केला, त्यांची फाशी जन्मठेपेवर आली. स्पीसने आधी सही केली, मग त्याला ते लाजिरवाणे वाटले आणि त्याने लिहिले की एकाचाच जीव हवा असेल तर माझा घ्या, बाकीच्यांना सोडा. पार्सन्सला वकिलांनी, मित्रांनी परोपरीने विनवले. त्याची सुटका होण्याचा संभव सर्वांत जास्त होता. पण तो सही करीना. मी गुन्हा केला नाही, मग दया कशाची मागू?

१० नोव्हेंबर १८८७ ला लिंगने कोठडीत तोंडात स्फोटक धरून जीव दिला. दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी, चौघे फासावर चढले. पार्सन्स काही बोलू लागला होता; वाक्य पुरे होण्याआधी खालची फळी निसटली. ल्युसी मुलांना घेऊन शेवटची भेट मागायला तुरुंगाशी आली होती. भेट मिळाली नाही. तिलाच धरून मुलांसकट कोठडीत डांबले आणि सारे उरकल्यावर सोडले.

यानंतर सहा वर्षांनी इलिनॉयच्या गव्हर्नरच्या खुर्चीवर जॉन पीटर आल्टगेल्ड आला. जर्मनीत जन्मलेला, गरिबीतून वकील आणि न्यायाधीश झालेला. उरलेल्या तिघांना सोडावे म्हणून त्याच्यापुढे हजारो सह्यांचा अर्ज होता. अर्जदार म्हणत होते, पुष्कळ भोगले, आता दया करा. दया दाखवली असती तर कुणी फारसे बोलले नसते. पण आल्टगेल्डने खटल्याचे सारे कागद मागवले, स्वतः वाचले, आणि उलटाच हिशेब मांडला : हे दोषी असतील आणि खटला रीतसर झाला असेल तर मला दया करण्याचे कारण नाही, तसा तो झाला नसेल तर प्रश्न दयेचा नाहीच. २६ जून १८९३ रोजी त्याने तिघांना पूर्ण माफी दिली आणि सोबत लांबलचक निवेदन प्रसिद्ध केले. ज्यूरी ठरवून निवडलेली होती, पुरावा गुन्ह्यापर्यंत पोचत नव्हता, न्यायाधीश पूर्वग्रहाने वागले, असे त्यात नावानिशी लिहिले होते. वर्तमानपत्रांनी त्याला अराज्यवादी ठरवले, परका ठरवले, त्याची व्यंगचित्रे काढली. १८९६ ची निवडणूक तो हरला. हे होणार हे त्याला मित्रांनी आधीच सांगितले होते.

आता सप्टेंबराचे कोडे. बाँबनंतर आठ तासांची चळवळ अमेरिकेत पार मागे पडली. शिकागोच्या मांसाच्या कारखान्यांत मिळालेले आठ तास त्याच वर्षी पुन्हा दहा झाले. तरी अमेरिकी कामगार महासंघाने १ मे १८९० हा दिवस पुन्हा ठरवला, आणि १८८९ साली पॅरिसला जमलेल्या समाजवाद्यांच्या आंतरराष्ट्रीय परिषदेने तीच तारीख साऱ्या जगासाठी उचलली. भारतात ती पहिल्यांदा १९२३ साली मद्रासला सिंगारवेलू चेट्टियार यांनी पाळली. अमेरिकेत मात्र सप्टेंबरात कामगारांची मिरवणूक काढण्याची प्रथा १८८२ पासून न्यूयॉर्कला होती. १८९४ साली, पुलमनच्या रेल्वे संपाची धुमश्चक्री चालू असताना, अध्यक्ष क्लीव्हलंड यांनी तो सप्टेंबरचा दिवस राष्ट्रीय सुटीचा केला. काही दिवसांतच त्यांनी त्या संपावर लष्कर पाठवले, आणि माझ्या राज्यात न विचारता लष्कर का आणले म्हणून त्यांच्याशी तारांवर तारा भांडला तो हाच आल्टगेल्ड. १९५८ पासून अमेरिकेत एक मे हा ‘कायदा दिन’ म्हणून जाहीर केला जातो! चाळीस तासांचा आठवडा तिथे देशभर कायद्याने आला तो १९३८ च्या कायद्यामुळे. ल्युसी पार्सन्स तेव्हा हयात होती. ती १९४२ पर्यंत जगली, म्हातारपणी दृष्टी गेली तरी सभांतून बोलत असे.

हेमार्केट चौकात १८८९ साली पोलिसांनी एका शिपायाचा पुतळा उभारला. हात वर केलेला, लोकांना पांगा म्हणून सांगणारा. त्याचे दैव काही स्थिर नव्हते. १९२७ साली एक ट्राम रूळ सोडून त्यावर जाऊन आदळली. १९६९ साली कुणी तो बाँबने उडवला. दुरुस्त करून बसवला, तो १९७० साली पुन्हा उडवला. शेवटी त्याला तिथून हलवले आणि आता तो पोलिसांच्या मुख्य कचेरीच्या आवारात आहे. ज्या गल्लीत तो सामानाचा गाडा उभा होता तिथे २००४ साली दुसरे शिल्प बसवले आहे. गाडा आणि त्यावर बोलणारी माणसे. चेहरे मुद्दामच कोणाचे ओळखू येणार नाहीत असे.